ऊन दाखवलेलं रीळ

आईचा फोन आला तेव्हा मी लॅबमध्ये होते. कामाच्या वेळात ती कधी फोन करत नाही, म्हणून मी हातमोजे काढून घाईघाईने कॉरिडॉरमध्ये गेले. तिचा आवाज मात्र अगदी खुशीत होता.

"अगं, ऊन काय सुरेख पडलंय. तुझ्या त्या पाहुण्यांच्या डब्याला आंबूस वास मारत होता ना, त्यातलं काढून मी डेकवर घातलंय. सकाळपासून एक बाजू झाली. आता उलटं करू का?"

"कुठला डबा?" मी विचारलं. कुठला ते मला कळलं होतं.

"तो गोल, चपटा. आत काळी पट्टी गुंडाळलेली आहे बघ."

"आई, टच नको करूस. उलटं नको, आत नको, काहीच नको. मी निघते."

बॉसला मी फॅमिली इमर्जन्सी आहे म्हणून सांगितलं आणि गाडी काढली. एकीकडे आईचा संताप येत होता आणि दुसरीकडे तिच्यावर संतापायचा मला फारसा हक्क नाही हेही कळत होतं. दोनच दिवसांपूर्वी चहा पिताना मीच तिला शहाणपणाने समजावलं होतं, की जुन्या फिल्ममधून आम्ल सुटतं, त्याचा हा वास आहे, आणि डबा बंद ठेवला की ते आतल्या आत वाढतच जातं. तिने माझं अर्धं व्याख्यान ऐकलं आणि उरलेलं स्वतःच्या अनुभवाने पूर्ण केलं.

आई सहा महिन्यांसाठी साताऱ्याहून आली होती. आमच्या या बॉथेल गावच्या पावसाळी हवेने ती अगदी कंटाळून गेलेली. इथे ढग बाजूला सरकले की ती हातातलं काम टाकून उठते आणि घरातलं जे जे म्हणून कुबट आहे ते घरामागच्या लाकडी डेकवर नेते. गाद्या, स्वेटर, लोणच्याच्या रिकाम्या बरण्या, माझ्या मुलीचे जुने बूटसुद्धा. 'जरा ऊन दाखवते' हे तिचं दिवसातलं पहिलं वाक्य असतं. तिने रीळ तेवढं सोडलं असतं तरच नवल होतं.

पाहुणे म्हणजे एक फ्रेंच दिग्दर्शक. वय सत्तरीच्या पुढे, अंगाने काटकुळे, कायम एकच निळा कोट. आमच्या गावात एक छोटी फिल्म सोसायटी आहे. वीकेंडला, आपापला पदार्थ घेऊन जमायचं त्या पॉटलकमध्ये बसून शाळांचे रँकिंग आणि ग्रीन कार्डाची रांग ऐकण्यापेक्षा मी तिथे खुर्च्या मांडायला जाते. सोसायटीने त्यांच्या सिनेमांचा एक आठवडा ठेवला होता. त्यांची उतरायची सोय आमच्या घरी केली होती, कारण मुलगी कॉलेजला गेल्यापासून तिची खोली रिकामीच होती आणि नवरा त्या आठवड्यात ऑफिसच्या कामाने बाहेरगावी होता.

या माणसाने जन्मात कोणाची नोकरी केली नाही आणि एका जातीचा सिनेमा दोनदा केला नाही. सुरुवातीला एक खुनाची गोष्ट केली, मित्राच्या बंद पडलेल्या हॉटेलात. ती चालली. लोक म्हणाले, अशीच आणखी एक करा. हे उठले आणि मासेमारीच्या बोटीवर जाऊन वर्षभर माहितीपट करत बसले. तो गाजतोय म्हणेपर्यंत यांनी कळसूत्री बाहुल्या घेऊन मुलांचा सिनेमा केला. मग एक संगीतपट, ज्यात कोणालाच गाता येत नव्हतं. मग एका न्हाव्याच्या दुकानातली प्रेमकथा. कॅमेरा स्वतः धरायचा, संकलन स्वतः करायचं, बरोबर दोन-तीन माणसं. मी एकाच प्रथिनावरच्या संशोधनात नोकरीची सगळी वर्षं घालवलेली बाई. अशा माणसांचा मला हेवा वाटतो आणि थोडा रागही येतो.

विमानतळावरून त्यांना आणताना मी विचारलं होतं, की इतकं चांगलं जमलेलं तुम्ही दर वेळी सोडून का देता. ते मोडकं इंग्रजी बोलायचे, पण नेमकं बोलायचे. "संपलं की मी निघतो," ते म्हणाले. "मागे वळून मी माझं काही बघत नाही." तो चपटा डबा तेव्हा त्यांच्या मांडीवर होता आणि सीटबेल्ट त्यांनी त्याच्यावरून घेतला होता.

डब्यात त्यांची पहिली फिल्म होती. दहा-बारा मिनिटांची, मुकी, त्यांच्या आईवर केलेली. तेविशीत कोणाचा तरी चावी देऊन चालणारा कॅमेरा मागून आणून त्यांनी स्वयंपाकघरात काम करणारी आई चित्रित केली होती. गावच्या सभागृहात ती एकदाच दाखवली. फिल्म संपायच्या आत त्यांची आई पहिल्या रांगेतून उठली आणि सगळ्या गावासमोर निघून गेली. का, ते तिने कधी सांगितलं नाही आणि यांनी कधी विचारलं नाही. आता विचारायला ती नव्हती.

"शेवटी ती कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी बोलते," ते म्हणाले. "कॅमेऱ्याची घरघर एवढी होती की तेव्हा मला ऐकू आलं नाही. मी चौकटीत बघत होतो, ऐकत नव्हतो. माझी समजूत अशी आहे की ती म्हणते, बंद कर ते आणि चालता हो. मला तिचं तोंड एकदा बघायचंय."

या डब्यातली प्रत सोडून दुसरी प्रत कुठेही नव्हती. आमच्याकडून ते दुसऱ्या राज्यातल्या एका प्रयोगशाळेत जाणार होते. तिथे फिल्मची डिजिटल प्रत निघते का ते बघणार होते. प्रयोगशाळेने आधीच कळवलं होतं की ही प्रत प्रोजेक्टरवर मुळीच चढवू नका. पण त्यांना भीती वाटत होती की तिथले लोक डबा उघडून नाही म्हणतील आणि मग ते बघायचंच राहील. म्हणून आमच्या फिल्म सोसायटीच्या हॉलमध्ये, लोक यायच्या आधी, फक्त एकदा ती बघायची असं त्यांनी ठरवलं होतं. ती दुपार आजचीच होती. रीळ उलटं गुंडाळलेलं आहे, शेवट बाहेरच्या बाजूला आहे, दाखवण्याआधी ते परत फिरवून घ्यावं लागेल, हेही त्यांनी मला सांगून ठेवलं होतं.

शेवट बाहेरच्या बाजूला. गाडी चालवताना माझ्या डोक्यात हे एवढंच फिरत होतं.

घरी पोचले तर डेकवर कपडे वाळत घालायचा स्टँड उघडलेला, आणि त्याच्या दांड्यांवरून फिल्मचे वेढे खाली-वर, खाली-वर सोडलेले. चिमटे लावलेले. उरलेलं रीळ स्टीलच्या परातीत. सगळ्यावरून आईने तिचं जुनं तलम पातळ पांघरलं होतं, कुरडयांवर घालतो तसं, पक्षी येऊ नयेत म्हणून. आई शेजारी खुर्ची टाकून राखण करत बसली होती.

"वास बघ किती कमी झालाय," ती म्हणाली.

वास खरंच कमी झाला होता. एकदा डेव्हलप झालेली फिल्म उजेडाने मरत नाही हे मला माहीत होतं. उन्हाचा ताप हा तिचा खरा शत्रू, आणि पातळाने थोडी तरी सावली केली होती. पण स्टँडवरचे वेढे कडेने आक्रसले होते. पट्टी सरळ राहत नव्हती, पन्हाळीसारखी वळत होती. मी नवे हातमोजे घालून एकेक चिमटा काढला आणि जमेल तितक्या हलक्या हाताने ते रिळावर गुंडाळलं.

गुंडाळता गुंडाळता मी आईला सगळं सांगितलं. फिल्म कोणाची, त्यात कोण आहे, ते काय बघायला इतक्या लांब आलेत, आणि ते नेमकं या वाळलेल्या भागात आहे. ऐकताना तिचा चेहरा उतरत गेला. थोडा वेळ ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत बसली.

"त्यांना मी सांगणार," ती म्हणाली. "तू मधे बोलू नकोस. मी म्हणते ते इंग्लिशमध्ये सांग फक्त."

"आई, मी सांगते ना नीट."

"नीट नको. जे केलं ते सांग."

ते सकाळी फिरायला गेले होते, ते जेवणाच्या वेळेला परतले. टेबलावर त्यांचं ताट झाकून ठेवलेलं होतं. तीन दिवस हेच चाललं होतं. आई वेळेवर वाढायची, हाक मारायची. ते वरून 'दोन मिनिटं' म्हणायचे आणि आपल्या कागदांत बुडून जायचे. मग आई ताटावर दुसरं ताट पालथं घालून ठेवायची आणि माझ्याशी कुरकुरायची, की हा माणूस हवेवर जगतो का.

आई त्यांच्यासमोर उभी राहिली आणि मराठीत म्हणाली, "मी तुमचा डबा उघडला. विचारलं नाही. चांगलं होईल म्हणून उन्हात घातलं, ते बिघडलं. माझी मुलगी तेव्हा घरी नव्हती, तिचा यात दोष नाही."

मी शब्दाला शब्द सांगितलं. मग त्यांनी डबा उघडला, रीळ उजेडाकडे धरलं आणि बाहेरच्या वेढ्यावरून नख फिरवलं. आईकडे त्यांनी बघितलंसुद्धा नाही. डबा काखेत मारून ते डेकवर गेले आणि काचेचं दार ओढून घेतलं. आतून आम्हाला त्यांची पाठ दिसत होती.

मला त्या पाठीचा राग आला. सत्तरीची बाई समोर येऊन चूक कबूल करते, तिला दोन शब्द बोलायला काय हरकत होती. आणि त्याच वेळी, माझी एखादी गोष्ट कोणी अशी बिघडवली असती तर मी घर डोक्यावर घेतलं असतं, हेही मला ठाऊक होतं. आई ताटाकडे बघत होती. "आता तर जेवणारच नाहीत," ती म्हणाली.

थोड्या वेळाने ते आत आले आणि मला म्हणाले, "चला. तुमच्या आईलाही घ्या."

आईला कशाला, ते मला कळलं नाही. तिने मात्र विचारलं नाही. चपला घालून ती गाडीत जाऊन बसली.

सोसायटीचा प्रोजेक्टर चालवणाऱ्या बाई पूर्वी शाळेत लायब्ररियन होत्या. यंत्र असो की माणूस, दोघांनाही त्या धाकात ठेवतात. त्यांनी रीळ बोटांनी चाचपलं आणि सरळ नाही म्हणाल्या. पुढचा भाग ठीक आहे, म्हणाल्या, अपेक्षेपेक्षा बराच बरा. पण शेवटचा भाग वळलाय. तो यंत्राच्या खाचेत अडकला आणि दिव्यासमोर थांबला तर वितळेल, आणि मग प्रयोगशाळेला द्यायला काही उरणार नाही. "मी हे करणार नाही," त्या म्हणाल्या.

"फिल्म माझी आहे," ते म्हणाले.

"यंत्र माझ्या हातात आहे."

दोघं एकमेकांकडे बघत उभे राहिले. मग ते खूप हळू आवाजात म्हणाले, "ती आणखी वाळत जाईल. महिन्याने कोणीच चढवू शकणार नाही. आज मी बघू शकतो." बाईंनी सुस्कारा टाकला आणि अट घातली, की माझा हात बटणावर राहील आणि जरा आवाज बदलला की मी बंद करीन, तेव्हा मला कोणी अडवायचं नाही. त्यांनी मान हलवली. बाईंनी हाताने रीळ परत फिरवायला घेतलं. आता शेवट आत गेला होता. वळलेला भाग सगळ्यात शेवटी येणार होता.

रिकाम्या हॉलमध्ये आम्ही चौघं. ते पहिल्या रांगेत, आई आणि मी त्यांच्या मागे. दिवा लागला.

खिडकीशी एक बाई उभी होती. पन्नाशीची, जाडजूड, केसांना रुमाल बांधलेला. ती शेंगा सोलत होती. मग चूल, पातेलं, वाफ. तिने पाव छातीशी धरून सुरीने कापला. कॅमेरा तिच्या हातांवर जायचा, मानेवर यायचा, परत हातांवर. फिल्म सुंदर होती. तेविशीच्या पोराने केलेली वाटत नव्हती. मला मात्र नीट बघता येईना, कारण माझा जीव त्या खडखडाटात अडकला होता. यंत्राचा सूर जरासा बदलला तरी मी मागे वळून बाईंच्या हाताकडे बघत होते. आई एकटक पडद्याकडे बघत होती.

पडद्यावरच्या बाईने टेबल पुसलं. दोन ताटल्या मांडल्या, दोन्हींत वाढलं. समोर बघून काहीतरी बोलली. हसली, परत बोलली. मग थोडा वेळ वाट बघून तिने एका ताटलीवर दुसरी पालथी घातली. आणि तिथून चित्र हलायला लागलं. सूर बदलला. बाईचा चेहरा लांबट झाला, पुसट झाला, क्षणभर स्पष्ट होऊन पुन्हा विरघळला. ती कॅमेऱ्याकडे आली होती, अगदी जवळ, बोलत होती, आणि तिच्या तोंडाच्या जागी नुसता राखाडी डाग होता.

"बंद करते," बाई मागून म्हणाल्या.

"नको," ते ओरडले.

बाईंचा हात बटणावर होता, पण त्यांनी ते दाबलं नाही. खडखडाट वाढत गेला. पडद्यावर खिडकीचा पांढरा चौकोन आणि टेबलावर एक पांढरा गोल, एवढंच ओळखू येत होतं. मग टोक फटफट करत सुटलं आणि पडदा पांढरा झाला. फिल्म जळली नव्हती. बाईंनी दिवा बंद केला आणि त्या मटकन स्टुलावर बसल्या.

ते वळले नाहीत. "तिचं तोंड," ते म्हणाले. "तुम्हाला दिसलं? काय म्हणाली ते दिसलं?"

"नाही," मी म्हणाले. मला रडू येत होतं. आईमुळे गेलं, माझ्या बडबडीमुळे गेलं, असं वाटत होतं, आणि तिथून उठून निघून जावंसं वाटत होतं.

तेवढ्यात आईने मला कोपराने ढोसलं. "ते झाकलेलं ताट कोणाचं होतं, विचार."

"आई, आत्ता नको."

"विचार गं."

मी विचारलं. त्यांना कळेना. "कुठलं ताट?" ते मागे वळून म्हणाले.

आईने हातांनी दाखवलं. एक तळवा उताणा, त्याच्यावर दुसरा पालथा. "दोन ताटं वाढली," ती म्हणाली. "समोर कोणाकडे तरी बघून हसली, मग एक झाकून ठेवलं. घरात आणखी कोण होतं?"

मी सांगितलं. ते म्हणाले, "कोणी नव्हतं. वडील कधीच गेले होते. ती आणि मी."

"मग ते तुमचंच ताट," आई म्हणाली. "तुमची आई तुम्हालाच बोलवत होती. गार होतंय, ते ठेव आणि जेवायला ये. दुसरं काय म्हणणार? तोंड कशाला दिसायला पाहिजे त्याला?"

हे मी इंग्रजीत सांगितलं. ते आईकडे बघत राहिले. त्या दिवसात पहिल्यांदाच त्यांनी तिच्याकडे नीट बघितलं असावं. मग त्यांनी विचारलं, "तर मग त्या दिवशी ती उठून का गेली?"

"ते मला काय माहीत," आई म्हणाली. "तुम्ही घरी गेल्यावर काय झालं?"

दिवा विझल्यावर यंत्रातून तापलेल्या धातूचा वास येत होता. "लोकांनी मला उशिरापर्यंत सोडलं नाही," ते म्हणाले. "घरी पोचलो तर ती झोपली होती. टेबलावर ताटली होती. झाकलेली. मला वाटलं, माझा अपमान करून वर जेवण ठेवते. मी हात लावला नाही. पहाटे रीळ घेतलं आणि पॅरिसची गाडी पकडली."

माझ्या आईने पुढे वाकून, समोरच्या खुर्चीच्या पाठीवर असलेल्या त्यांच्या हातावर एकदा हात ठेवला आणि काढून घेतला.

पुढे प्रयोगशाळेने बाकीची फिल्म वाचवली. शेवटचा भाग वाचला नाही. त्यांनी मला ते फोनवर सांगितलं तेव्हा आवाजात तक्रार नव्हती, आणि आई कशी आहे ते त्यांनी दोनदा विचारलं.

पण त्या दुपारी, संध्याकाळच्या कार्यक्रमाला अजून वेळ होता म्हणून आम्ही घरी आलो. टेबलावर त्यांचं ताट तसंच होतं. वरण-भात आणि बटाट्याची भाजी, कधीची गार झालेली. आई लगबगीने पुढे झाली आणि गरम करून देते म्हणून ताट उचलायला लागली. त्यांनी मानेनेच नको म्हटलं, वरचं ताट काढून बाजूला ठेवलं, खुर्ची ओढली आणि जेवायला बसले. गार अन्न माझ्या आईने आजवर कोणाच्या पानात राहू दिलेलं नाही. त्या दिवशी ती समोर बसून राहिली आणि त्यांना तसंच जेवू दिलं.